मंडळीची वही



वर्ध्याहून नागपूरला जाताना बुटीबोरीच्या अलीकडेपलीकडे आपल्यापैकी अनेकजण नेहमी उतरतात. तिथून जवळच टाकळघाट नावाचे गाव आहे आणि त्याच्या शिवारात फार प्राचीन काळची दगडांची वर्तुळे आहेत. सप्टेंबर १८६३ मध्ये ती पाहण्यासाठी नागपूरचे मिशनरी रेव्हरंड स्टीफन हिस्लॉप हे रिचर्ड टेंपल यांच्याबरोबर तेथे आले होते. ४ सप्टेंबरला हिस्लॉप बोरीची शाळा पाहायला गेले, त्यांना परतायला रात्र झाली, आणि घोड्यावरून एकटेच येत असता वाटेतल्या पुराच्या पाण्यात ते बुडाले. ज्यांच्या नावाचे कॉलेज आज नागपुरात आहे ते हेच हिस्लॉप.

त्यांच्यामागे कागदांचा एक ढीग उरला. गोंडांच्या बोलीतील शब्द, त्यांच्या चालीरीतींची टिपणे, प्रधानाच्या तोंडून उतरवून घेतलेली लिंगोची गाथा, असे बरेच काही त्यात होते. सगळे अर्धवट आणि विस्कळीत. टेंपल त्या वेळी मध्यप्रांताचे मुख्य अधिकारी होते. हाताशी कामांचा डोंगर असता त्यांनी हे कागद मिळवले, लावले, आणि १८६६ मध्ये नागपुरातच त्यांचे पुस्तक छापले. आपल्या भागातील गोंडांच्या पूर्ववृत्ताचा अभ्यास ज्याला करायचा असेल त्याला आजही त्या पुस्तकाच्या दारावरून जावे लागते.

तेव्हा कागद वाचला तर इतिहास वाचतो, हे आपल्याला घराजवळच्या उदाहरणावरूनच ठाऊक आहे. परंतु हिस्लॉपांचे कागद वाचले याची दोन कारणे होती. ते एका नामांकित माणसाचे होते आणि एका मोठ्या अधिकाऱ्याने ते मनावर घेतले. आज मी ज्या कागदांविषयी बोलणार आहे त्यांच्या वाट्याला यांपैकी एकही गोष्ट आलेली नाही. ते कोणा एकाचे नाहीत. म्हणून ते सांभाळणे हे कोणा एकाचे कामही होऊन बसलेले नाही. हे कागद म्हणजे आपल्या महाराष्ट्रातील काँग्रिगेशनल पंथाच्या ख्रिस्ती मंडळ्यांची दप्तरे.

विषयाचे नाव ऐकून काहींना नवल वाटले असेल. वर्ध्यात ख्रिस्ती समाज थोडा आणि जो आहे तो बहुतांशी स्कॉटलंडच्या मिशनने घडवलेला. तो पंथ प्रेस्बिटेरियन. मग या तिसऱ्याच पंथाची चौकशी आपण का करावी? याचे उत्तर पुढे येईल. आणि ते नागपूरच्या वाटेनेच येईल. आधी हा पंथ म्हणजे काय ते पाहू.

मराठी ख्रिस्ती माणूस चर्चला ‘मंडळी’ म्हणतो. देऊळ म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे इमारत येते, मंडळी म्हटले की माणसे येतात. ‘वऱ्हाडाची मंडळी आली’ असे आपण म्हणतो तोच हा शब्द. काँग्रिगेशनल या इंग्रजी नावाचाही अर्थ नेमका हाच आहे. सोळाव्या शतकाच्या अखेरीस इंग्लंडात काही लोक म्हणू लागले की, श्रद्धावंतांनी एकत्र येऊन परस्परांशी आणि देवाशी करार केला की चर्च पूर्ण झाले. त्यावर बिशप नको आणि राजाही नको. अशांपैकीच काही लोक १६२० मध्ये ‘मेफ्लॉवर’ गलबतातून अमेरिकेत उतरले आणि मॅसॅच्युसेट्सच्या बाजूला या पंथाचा जम बसला. प्रत्येक गावची मंडळी स्वतंत्र. आपला पाळक तिने निवडावा, नवा सभासद तिने घ्यावा, चुकलेल्यास तिने दूर करावे, हिशेब तिने ठेवावा. शेजारच्या गावच्या मंडळीने सल्ला द्यावा, हुकूम देऊ नये.

राज्यशास्त्राच्या दृष्टीने ही व्यवस्था मोठी मनोहर आहे. इतिहासकाराच्या दृष्टीने मात्र ती फार धोक्याची. कारण असे की, जेथे वर अधिकारी असतो तेथे कागदाची दुसरी प्रत होते. इंग्लंडच्या राजमान्य चर्चमध्ये प्रत्येक गावच्या बाप्तिस्मा, विवाह आणि दफन यांच्या नोंदींची नक्कल दरवर्षी बिशपकडे धाडावी, असा नियम सोळाव्या शतकाच्या शेवटी झाला होता. गावची वही जळाली तरी बिशपच्या कचेरीत नक्कल सापडते. प्रेस्बिटेरियन पंथात स्थानिक सभेचे दप्तर वरच्या सभेपुढे तपासणीला जाते. काँग्रिगेशनल मंडळीला वरचे कोणी नाही. तिच्या वहीची एकच प्रत, एकाच कपाटात, आणि कपाटाची किल्ली एकाच माणसाच्या कनवटीला. स्वातंत्र्याची ही किंमत त्या पंथाला सगळ्या जगात मोजावी लागली आहे.

आता हा पंथ आपल्याकडे कसा आला ते थोडक्यात सांगतो. परदेशांत धर्मप्रचार करण्यासाठी अमेरिकेतील काँग्रिगेशनल लोकांच्या पुढाकाराने १८१० मध्ये एक संस्था स्थापन झाली. तिचे ठाणे बॉस्टनला. तिने धाडलेले गॉर्डन हॉल आणि सॅम्युएल नॉट हे दोघे फेब्रुवारी १८१३ मध्ये मुंबईस उतरले. कंपनी सरकारला ते नको होते. त्यांना परत पाठवण्याचे हुकूम सुटले, अर्जविनंत्या झाल्या, आणि त्याच वर्षी कंपनीची सनद बदलल्यामुळे ते एकदाचे टिकले. हॉल मराठी उत्तम शिकला. १८२६ च्या मार्चमध्ये नाशिक-त्र्यंबकच्या बाजूला पटकीची साथ होती. तेथून औषधे वाटून परतताना दोडी-दापूर येथे त्यालाच पटकी झाली आणि एका देवळाच्या ओसरीवर तो मरण पावला. पुढे १८३१ मध्ये या मिशनने अहमदनगरला, म्हणजे आताच्या अहिल्यानगरला, ठाणे घातले आणि १८३३ मध्ये तेथे मंडळी स्थापन झाली. अमेरिकन मराठी मिशन या नावाने मराठी वाङ्मयाच्या इतिहासात जे येते ते हेच.

या मिशनऱ्यांचा एक नेम होता. ते बॉस्टनला पत्रे लिहीत. पाऊस, दुष्काळ, शाळांतील मुलांची संख्या, ब्राह्मणांशी झालेले वाद, स्वतःच्या मुलांची आजारपणे, पैशांची चणचण, सर्व काही लिहीत. त्यांतील निवडक मजकूर बॉस्टनच्या मासिकात छापून येई आणि तो वाचून तेथील शेतकरी व व्यापारी वर्गणी देत. ही हजारो पत्रे जपली गेली आणि आज ती हार्वर्ड विद्यापीठाच्या हॉटन ग्रंथालयात आहेत. एकोणिसाव्या शतकातील अहमदनगरचा अभ्यास करणाऱ्या माणसाला ती वरदानासारखी वाटतात. मलाही ती तशीच वाटतात. परंतु एक सावधगिरी बाळगली पाहिजे.

पत्राला दोन टोके असतात. लिहिणाऱ्याकडची प्रत गेली तरी घेणाऱ्याकडची राहते. सेवाग्रामहून गेलेली गांधीजींची पोस्टकार्डे पुढे गावोगावच्या पेट्यांतून परत गोळा करता आली आणि त्यांच्या समग्र वाङ्मयाचे १०० खंड होऊ शकले, ते यामुळेच. वहीला असे दुसरे टोक नसते. शिवाय पत्र हे कोणासाठी तरी लिहिलेले असते. बॉस्टनला जाणारे पत्र वर्गणी देणाऱ्यासाठी लिहिलेले होते. त्यात मिशनरीचे कष्ट दिसतात, त्याची आशा दिसते. ज्याने धर्म बदलला तो मराठी माणूस मात्र पुष्कळदा ‘हलक्या जातीतील एक मनुष्य’ एवढाच राहतो. त्याचे नाव, बापाचे नाव, गाव, बायको, त्याला कोणी मंडळीत घेतले आणि कोणी हरकत घेतली, हे सांगणारी जागा एकच, मंडळीची वही.

म्हणजे आज स्थिती काय आहे? पाहुण्याने यजमानाविषयी जे लिहिले ते हवाबंद खोलीत, जगातल्या उत्तमांतल्या उत्तम ग्रंथालयात सुरक्षित आहे. आणि यजमानाने स्वतःविषयी जे लिहिले ते वाळवीच्या तोंडी आहे. आपल्याकडचे ख्रिस्ती लोक म्हणजे मिशनऱ्यांच्या हातची बाहुली, असा जो समज सुशिक्षितांतही दिसतो, त्याचे एक कारण मला यात दिसते. आपण इतिहास लिहितो तो टिकलेल्या कागदांवरून, आणि टिकले ते एकाच बाजूचे.

वास्तविक या मंडळ्या फार लवकर मराठी माणसांच्या हाती आल्या. १८५४ च्या अखेरीस बॉस्टनच्या संस्थेचे चिटणीस रूफस अँडरसन पाहणीसाठी इकडे आले. हा माणूस हट्टी. इंग्रजी शाळांवर पैसा घालण्यापेक्षा खेड्याखेड्यांत लहान मंडळ्या उभ्या कराव्या, त्यांवर देशी पाळक नेमावे आणि त्यांनी आपल्या पायांवर उभे राहावे, असा त्याचा आग्रह होता. इंग्रजी शाळा बंद झाल्याने शहरी लोक रागावले आणि त्यांच्या रागात तथ्य होते. पण त्याच सुमारास अहमदनगरच्या पहिल्या मंडळीचे पाळक म्हणून हरिपंत खिस्ती आणि दुसऱ्या मंडळीचे पाळक म्हणून रामकृष्णपंत मोडक यांना दीक्षा मिळाली. दोघेही जन्माने ब्राह्मण. त्यांच्या मंडळ्यांतील बरेच सभासद महार समाजातून आलेले. गावात ज्यांची सावली टाळली जात होती त्यांच्यासह एका पंक्तीत प्रभुभोजन घ्यायचे, एका यादीत नाव लिहायचे, एका सभेत मत द्यायचे, असा तो प्रकार होता. १८५५ साली! त्या सभांत काय बोलणे झाले, कोण गप्प बसले, कोण उठून गेले, हे जाणून घेण्याची उत्सुकता कोणाला वाटणार नाही?

याच मोडकांनी पुढे एक उपकार करून ठेवला. नगरच्या ठाण्याला ५० वर्षे झाली तेव्हा १८८१ मध्ये मोठा मेळावा झाला. त्यात मोडकांनी देशी मंडळ्यांचा इतिहास सांगणारा निबंध सादर केला आणि तो १८८२ च्या स्मारकग्रंथात छापला गेला. मिशनचा इतिहास नव्हे, मंडळ्यांचा इतिहास. हा फरक त्यांना कळला होता.

वह्या कशा असतात? त्यांत बाप्तिस्म्याची एक, सभासदांची एक, विवाहाची एक, दफनाची एक, सभेच्या वृत्तांताची एक आणि जमाखर्चाची एक असा सरंजाम असतो. लहान मंडळीत हे सगळे एकाच वहीत, पुढून एक आणि मागून दुसरे, असे कोंबलेले. जुना हिशेब बहुधा मोडीत. विवाहाच्या नोंदींचे थोडे बरे आहे. १८७२ च्या ख्रिस्ती विवाह कायद्याने ती वही ठेवणे आणि तिचे उतारे ठरावीक मुदतीने सरकारी निबंधकाकडे पाठवणे बंधनकारक झाले, म्हणून तिला दुसरे टोक मिळाले. बाकीच्यांना ते नाही.

कोरड्या नोंदीतून काय निघते, असे कोणी विचारील. नावांचेच पाहा. हरिपंत, रामकृष्णपंत, नारायण, भास्कर. या मिशनच्या लोकांनी धर्म बदलला तरी नाव बदलले नाही असे अनेकदा दिसते. मग बायबलातली नावे केव्हा शिरली, मुलांत आधी की मुलींत, शहरात आधी की खेड्यात? यादी समोर ठेवून मोजणी केली तर एका समाजाला आपण कोण आहोत असे कोणत्या पिढीत वाटले, ते कळू शकते. दुसरे उदाहरण स्थलांतराचे. सभासद गाव सोडून गेला की मंडळी त्याला दुसऱ्या मंडळीच्या नावे पत्र देते आणि वहीत तशी नोंद करते. वडाळ्याचा माणूस सोलापूरला गेला, राहुरीचा मुंबईला गेला. सोलापुरात पहिली कापडगिरणी १८७७ मध्ये निघाली. खेड्यातला अस्पृश्य मजूर गिरणीत कसा पोचला, एकटा गेला की कुटुंब घेऊन, हे शिरगणतीच्या आकड्यांतून समजत नाही. अशा पत्रांच्या नोंदींतून समजते. आणि दफनाची वही! १८७६-७७ चा दुष्काळ, १८९६ नंतरचा प्लेग, १८९९-१९०० चा छप्पन्नचा दुष्काळ. सरकारी अहवालात या वर्षांचे आकडे आहेत. वहीत नावे असतात आणि वये असतात.

आता एक ओळ घ्या. १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत अमेरिकन मिशनच्या मंडळीत रेव्हरंड तुकाराम नथोजी यांनी नारायण वामन टिळक यांना बाप्तिस्मा दिला. बाप्तिस्मा देणारा गोरा नसावा, आपल्या देशाचा असावा, हा टिळकांचा आग्रह होता. अशा घटनेची वहीत एक ओळ होते. तारीख, नाव, देणाऱ्याची सही. त्या ओळीने नाशिकच्या बाजूला एका घरात काय उलथापालथ केली, ते पुढे लक्ष्मीबाईंनी ‘स्मृतिचित्रे’त लिहिले. टिळकांना तर आपण विदर्भातले लोक थोडे आपलेच मानतो. नागपुरात आप्पासाहेब बुटींकडे ते होते आणि नागपूरहून राजनांदगावला जाताना आगगाडीत एका गोऱ्या सहप्रवाशाने त्यांच्या हाती बायबल ठेवले, हा प्रसंग प्रसिद्ध आहे. परंतु प्रत्येक ओळीमागे लक्ष्मीबाई नसते. इतर शेकडो घरांत जी उलथापालथ झाली तिचा, ती एक ओळ सोडून, दुसरा पुरावाच नाही. म्हणून त्या ओळीची किंमत टिळकांच्या ओळीपेक्षा कमी नसून जास्त आहे, असे मी म्हणतो.

दुसरी प्रत झाली की काय घडते याचे एक उदाहरण याच मिशनच्या घरातले आहे. मिशनने जून १८४२ मध्ये अहमदनगरला ‘ज्ञानोदय’ सुरू केला. ख्रिस्ती प्रचाराचे पत्र म्हणून इतरांनी त्याला टीकेचे लक्ष्य केले, आणि त्यात प्रचार होताच. पण १८५५ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये याच ‘ज्ञानोदया’ने एक निबंध दोन अंकांत छापला. लिहिणारी मुक्ता नावाची मांग जातीची मुलगी, पुण्यात जोतीराव फुल्यांच्या शाळेतली विद्यार्थिनी. मांग-महारांच्या दुःखाविषयी तिने लिहिले होते. शाळेतला निबंध तो. पाटीवरचा किंवा कागदावरचा, दुसऱ्या दिवशी पुसला किंवा फेकला जायचा. छापला गेला म्हणून अनेक प्रती झाल्या, त्यांतल्या काही फायलींत राहिल्या, आणि आज मुक्ता साळवे हे नाव शाळेतल्या मुलांनाही माहीत झाले आहे. रोझालिंड ओहॅन्लन या इतिहासकार विदुषीने १९८५ मध्ये फुल्यांवर जो ग्रंथ प्रसिद्ध केला, त्यातही ‘ज्ञानोदया’चा भरपूर उपयोग केलेला आहे. मिशनच्या कागदांत केवळ मिशन नसते. शेजारचा सारा समाज असतो.

मग या वह्या बाहेर का येत नाहीत? वाळवी, ओल, पाळकांच्या बदल्या, जागेची अडचण ही कारणे सर्वांना दिसतात. मला त्यांहून मोठे कारण भीती वाटते, आणि ती भीती खोटी नाही. बाप्तिस्म्याच्या वहीत पूर्वीची जात लिहिलेली असते. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाने अनुसूचित जातींच्या सवलती हिंदूंपुरत्या ठेवल्या, १९५६ मध्ये त्या शीखांना आणि १९९० मध्ये बौद्धांना मिळाल्या; ख्रिस्ती झालेल्यांना त्या मिळत नाहीत. अशा स्थितीत आजोबांच्या नावापुढची नोंद ही कोणाला पुरावा वाटते आणि कोणाला फास. मंडळीच्या जमिनीचे आणि इमारतींचे वाद असतात. जुनी वही दाखवली तर नवे भांडण उभे राहील अशी धास्ती असते. आणि तिसरे म्हणजे लाज. मंडळीने कोणाला दारूसाठी, कोणाला मूर्तीपुढे नारळ फोडल्यासाठी, कोणाला लग्नाबाहेरच्या संबंधासाठी काढून टाकले, हे त्यात असू शकते. नातवंडे त्याच मंडळीत बसत असतील. तेव्हा कोणी भला माणूस ते पान हळूच फाडतो. त्याच्या हेतूला मी नावे ठेवणार नाही. पण त्याला एक गोष्ट सांगावीशी वाटते.

मॅसॅच्युसेट्समधील सेलम गावी १६९२ मध्ये चेटकिणींचा तो कुप्रसिद्ध खटला झाला. त्यात रेबेका नर्स नावाची सत्तरीची, सर्वांना आदरणीय अशी वृद्ध बाई होती. तिला दोषी ठरवल्यावर ३ जुलैला सेलमच्या काँग्रिगेशनल मंडळीने तिला बहिष्कृत केले आणि १९ जुलैला तिला फाशी झाली. मंडळीच्या वहीत बहिष्काराची नोंद झाली. २० वर्षे ती नोंद तशीच होती. पुढे लोकांना आपली चूक उमगली, तिच्या मुलाने विनंती केली, आणि १७१२ मध्ये त्याच मंडळीने सभा घेऊन तो बहिष्कार रद्द केला. बाई तर केव्हाच गेलेली. तिला या ठरावाचा काय उपयोग, असे आपण म्हणू. पण तिच्या मुलानातवंडांना होता. कलंक गावच्या वहीत होता, तेव्हा तो उतरायचाही गावच्या वहीतच. मंडळीने पान फाडले असते तर अन्यायाचा पुरावा गेला असता आणि पश्चात्तापाचाही.

त्या प्रदेशातील जुन्या मंडळ्यांच्या वह्या तरी कोठे सापडल्या? पाळकांच्या घरांच्या माळ्यावर, तळघरात, बँकेच्या तिजोरीत. बॉस्टनला १८५३ पासून काँग्रिगेशनल लोकांचे स्वतंत्र ग्रंथालय आहे. त्याने अलीकडच्या काळात अशा वह्या शोधून त्यांची छायाचित्रे घेण्याचे आणि ती सर्वांना वाचावयास खुली करण्याचे काम हाती घेतले. जुने हस्ताक्षर वाचून नक्कल करण्याला घरबसले स्वयंसेवक मदत करतात. त्या वह्यांत सभासद होताना सामान्य माणसांनी सांगितलेल्या आपल्या श्रद्धेच्या हकिगती आहेत; ज्यांना एरवी इतिहासात बोलायला मिळाले नसते अशांच्याही. इंग्लंडात मार्ग निराळा निघाला. १८३७ मध्ये जन्ममृत्यूची सरकारी नोंदणी सुरू झाली तेव्हा राजमान्य चर्चबाहेरच्या मंडळ्यांकडून त्यांच्या जुन्या वह्या सरकारने मागवून घेतल्या, कायद्याने त्यांना पुराव्याचा मान दिला, आणि आज त्या राष्ट्रीय अभिलेखागारात आहेत. काही मंडळ्यांनी वह्या द्यायचे नाकारले. सरकारला आमच्या वहीशी काय कर्तव्य, असा त्यांचा बाणा. स्वतंत्र मंडळीला तो शोभून दिसतो, पण त्यांतल्या कित्येक वह्यांचे पुढे काय झाले असेल ते मी सांगायला नको.

आता आपल्या नागपूरच्या वाटेकडे येतो. १९२४ मध्ये पश्चिम भारतातल्या काँग्रिगेशनल मंडळ्या आणि प्रेस्बिटेरियन मंडळ्या एकत्र येऊन उत्तर हिंदुस्थानातील संयुक्त मंडळी झाली. पुढे २९ नोव्हेंबर १९७० रोजी नागपुरात चर्च ऑफ नॉर्थ इंडियाची स्थापना झाली आणि तीत अनेक पंथ विलीन झाले; नगरकडच्या अमेरिकन मिशनच्या मंडळ्याही त्यातच आल्या आणि आपल्या इकडच्या स्कॉटिश परंपरेच्या मंडळ्याही. अमेरिकेत आणि इंग्लंडातही साधारण त्याच पिढीत हा पंथ दुसऱ्यांत मिसळून गेला. ऐक्य ही चांगली गोष्ट आहे. पण कागदांच्या दृष्टीने प्रत्येक विलीनीकरण हे घर बदलण्यासारखे असते, आणि घर बदलताना जुन्या वह्यांचे काय होते हे बिऱ्हाड हलवणाऱ्या प्रत्येक गृहिणीला ठाऊक आहे. जी मंडळी स्वतःच्या नावाची वही लिहीत होती ती आता धर्मप्रांताच्या छापील तक्त्यात माहिती भरते. जुनी वही कोणाची, हा प्रश्न निघतच नाही. कारण जिची ती होती ती त्या नावाने उरलेली नाही. वर्ध्याचा संबंध येथे येतो. नगरच्या मंडळीचे वारस आणि वर्ध्याच्या मंडळीचे वारस आता एकाच घरातले आहेत, आणि ते घर बांधले गेले ते येथून दोन तासांच्या वाटेवर.

उपाय काय, असे आपण विचाराल. महाराष्ट्राला तो नव्याने शिकण्याची गरज नाही. राजवाड्यांनी १८९८ मध्ये ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ याचा पहिला खंड काढला तेव्हा त्यांच्यामागे सरकार नव्हते आणि पैसाही नव्हता. ते गावोगाव हिंडले, माळ्यांवर चढले, वाण्याच्या दुकानात पुड्या बांधायला जाणारे दप्तर त्यांनी सोडवले. मात्र राजवाड्यांच्या पिढीने देशमुख-देशपांड्यांचे वाडे धुंडाळले. महारवाड्याच्या कडेला असलेल्या कौलारू प्रार्थनामंदिरातही दप्तर असेल, हे तिच्या ध्यानात आले नाही. त्या काळाची ती मर्यादा होती. आपली ती असण्याचे कारण नाही.

आणि राजवाड्यांच्या काळी मूळ कागद उचलून नेण्यावाचून गत्यंतर नव्हते. आज तसे करू नये. वही मंडळीचीच आहे, ती मंडळीतच राहावी. तिची छायाचित्रे घेतली की काम झाले. प्रत्येकाच्या खिशातल्या फोनने ती निघतात. एक संच मंडळीकडे, एक धर्मप्रांताकडे, एक एखाद्या ग्रंथालयात ठेवावा. कोणी काय वाचावे हे मंडळीच्या सभेने ठरवावे. इंग्लंडात शिरगणतीचे तपशील १०० वर्षे बंद ठेवतात, तसा काही नियम करावा, म्हणजे जिवंत माणसाची अब्रू सुरक्षित राहील. मोडी वाचणारे वृद्ध दरवर्षी कमी होत आहेत, त्यांना आधी बसवावे, बाकीचे नंतर. वह्यांना प्लॅस्टिकच्या पिशव्यांत कोंडू नये, कागदाला आत घाम येतो. आपल्या जुन्या कारकुनांची सुती रुमालात दप्तर बांधण्याची रीत अधिक शहाणपणाची होती. फाटलेल्या पानाला चिकटपट्टी लावू नये. कपाट भिंतीपासून चार बोटे पुढे ओढावे आणि त्याचे पाय जमिनीपासून उंच असावे.

पण या सगळ्याच्या आधीचे काम फार लहान आहे, आणि त्याला ना तज्ज्ञ लागतो ना वर्गणी. येत्या सुट्टीत ज्यांचा अशा एखाद्या मंडळीशी संबंध असेल त्यांनी पाळकांची परवानगी घेऊन कपाट उघडावे आणि एका कोऱ्या कागदावर, प्रत्येक वहीसाठी एक ओळ, असे लिहावे: वही कशाची, पहिली तारीख, शेवटची तारीख, पाने किती, लिपी कोणती, अवस्था कशी. वहीच्या पानांना आकडे नसतील तर ते घालावेत, कोपऱ्यात, बारीक. आणि शाईने नव्हे, पेन्सिलीने.